एकाच घराची दोन गाणी: डॉली पार्टनचं टेनेसीतलं बालपण

आपल्या पॉडकास्टच्या ताज्या भागाचा हा लिखित मजकूर. बोलताना तोंडात येणारे ‘म्हणजे बघा’ आणि ‘तर काय’ थोडे कमी केलेत, सगळे काढलेले नाहीत. गाणी इथे वाजवायची तर हक्कांचा प्रश्न येतो, ओळी छापायच्या तरी तोच प्रश्न. म्हणून गाण्यात काय आहे ते मी माझ्या शब्दांत सांगणार आणि गाणी तुम्ही स्वतः ऐकायची. दोनच गाणी आहेत, सहा-सात मिनिटांचं काम आहे.

आजचा विषय अमेरिकन कंट्री संगीतातलं ‘माझं गावाकडचं बालपण’ या जातीचं गाणं. कंट्री थोडंफार ऐकलेल्या माणसाला विचारा, तो हेच सांगेल: डोंगर, लाकडी घर, ओसरीवर बसलेली आई, रविवारचं चर्च, आणि शहरात बसून या सगळ्यासाठी झुरणारा गाणारा. इतकं नेहमीचं आहे की त्याची चेष्टाही नेहमीचीच झालीये. मला स्वतःला या गाण्यांचा पटकन कंटाळा येतो, हे आधीच सांगून टाकते. पण डॉली पार्टनच्या एका तबकडीवर या प्रकारची दोन गाणी एकापाठोपाठ एक आहेत. त्या दोन गाण्यांमुळे मला हा सगळा प्रकार नीट कळला असं वाटतं, म्हणून हा भाग.

पहिलं, ‘माय टेनेसी माउंटन होम’. दुसरं, ‘इन द गुड ओल्ड डेज’ आणि पुढे कंसात ‘व्हेन टाइम्स वर बॅड’. त्या कंसाकडे आपण परत येऊ.

आधी थोडी पार्श्वभूमी. कंट्री म्हणजे अमेरिकेतलं लोकगीत, असा आपल्याकडे एक समज असतो. मुळं लोकसंगीतात आहेत हे खरं. स्कॉटलंड-आयर्लंडकडून आलेल्या चाली, आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणलेल्या लोकांचं बँजो, चर्चमधली भजनं, हे सगळं त्यात मिसळलेलं आहे. पण ‘कंट्री’ नावाची जी गोष्ट आपण ऐकतो ती १९२० च्या दशकात रेकॉर्ड कंपन्या आणि रेडिओ यांनी मिळून उभा केलेला धंदा आहे. आणि या धंद्याच्या अगदी सुरुवातीला काय आहे माहितीये? गावाकडच्या घराची आठवण.

१९२३ च्या जून महिन्यात अटलांटात फिडलिन जॉन कार्सन नावाच्या एका फिडलवादकाचं रेकॉर्डिंग झालं. गाणं होतं ‘द लिटल ओल्ड लॉग केबिन इन द लेन’, म्हणजे गल्लीतली छोटी जुनी लाकडी झोपडी. रेकॉर्डिंग करणाऱ्या राल्फ पीअर यांना त्याचं गाणं फारसं आवडलं नव्हतं. तरी तबकड्या हातोहात खपल्या, आणि कंपन्यांच्या लक्षात आलं की खेड्यातल्या गोऱ्या माणसांना स्वतःचं वाटणारं संगीत विकत घ्यायला आवडतं. कंट्रीच्या इतिहासात या तबकडीचं नाव पहिल्या काही यशस्वी तबकड्यांमध्ये घेतात.

आता गंमत बघा. गंमत कसली, अंगावर काटा येईल अशी गोष्ट आहे. हे गाणं १८७१ मध्ये विल हेज यांनी मिन्स्ट्रेल शो नावाच्या रंगमंचीय प्रकारासाठी लिहिलं. मिन्स्ट्रेल शो म्हणजे गोरी माणसं तोंडाला काळं फासून काळ्या माणसांची नक्कल करायची तो तमाशा. गाण्यातला म्हातारा हा पूर्वीचा गुलाम आहे. गुलामगिरी संपलीये, सोबती गेलेत, झोपडी पडायला आलीये, आणि तो त्या जुन्या दिवसांसाठी हळहळतोय. म्हणजे एका गोऱ्या गीतकारानं, गुलामगिरी कायद्यानं संपल्यावर सहाच वर्षांनी, एका काळ्या माणसाच्या तोंडी गुलामीच्या दिवसांची ओढ घातली. पुढे ते काळं तोंड गाण्यातून पुसट झालं आणि उरली नुसती झोपडीची आठवण. डोंगरातल्या गोऱ्या शेतकऱ्यालाही ती स्वतःचीच वाटायला लागली.

हे सांगितलं ते एवढ्यासाठी की, गावाच्या आठवणीचं गाणं ऐकताना एक प्रश्न कायम हाताशी ठेवावा लागतो. ही आठवण कुणाची आहे, आणि ती कुणाला ऐकवली जातेय? ‘जुने दिवस किती छान’ हे वाक्य कुणीही कुणाच्याही तोंडात घालू शकतो. त्या वाक्याला काही पुरावा लागत नाही.

ही गाणी विकत कोण घेत होतं, हेही बघू. गावात राहणारे घेत होतेच. पण गाव सोडलेले जास्त ओढीनं घेत होते. अ‍ॅपलेशियाच्या डोंगराळ पट्ट्यातून, म्हणजे केंटकी, वेस्ट व्हर्जिनिया, पूर्व टेनेसी या भागांतून, १९४० ते १९७० या काळात सुमारे तीस लाख माणसं बाहेर पडली असं मानतात. कोळशाच्या खाणीत यंत्रं आली, डोंगरउतारावरची छोटी शेती पोट भरेना, आणि डेट्रॉइट, सिनसिनाटी, शिकागो इथल्या कारखान्यांत हातांना काम होतं. आठवडाभर मोटारींच्या कारखान्यात उभं राहायचं आणि शनिवारी रात्री नॅशव्हिलच्या डब्ल्यूएसएम रेडिओवर ‘ग्रँड ओल ऑप्री’ लावायचं. १९३२ पासून त्या केंद्राची ताकद ५०,००० वॅट होती, रात्री त्याचा आवाज कितीतरी राज्यांत पोहोचायचा. बॉबी बेअरचं १९६३ चं ‘डेट्रॉइट सिटी’ हे गाणं या माणसाबद्दलच आहे. घरच्यांना वाटतं पोरगं शहरात मजेत आहे, आणि ते पोरगं दिवसा गाड्या बनवतं, रात्री दारूच्या गुत्त्यात बसतं.

तर गिऱ्हाईक हे असं. त्याला काय ऐकायचंय हे स्पष्ट आहे. त्याला घर हवंय, आणि ते स्वच्छ, उन्हात न्हालेलं, भांडणं नसलेलं हवंय. पगार झालेल्या माणसाला जसं हवं असतं तसं.

आता डॉलीकडे येऊ. डॉली पार्टन १९ जानेवारी १९४६ ला पूर्व टेनेसीतल्या सेव्हियर परगण्यात, लिटल पिजन नदीच्या काठी एका खोलीच्या लाकडी घरात जन्मली. बारा भावंडांतली चौथी. वडील रॉबर्ट ली पार्टन आधी दुसऱ्याच्या जमिनीवर वाट्यानं, म्हणजे आपल्या भाषेत अर्धेलीनं, शेती करायचे. पुढे लोकस्ट रिज नावाच्या जागी स्वतःची थोडी जमीन झाली, तंबाखू लावायचे. त्यांना लिहिता-वाचता येत नव्हतं. आई अ‍ॅव्ही ली गाणारी. जुनी लांबलचक कथागीतं तिला पाठ होती. घरात वीज नाही, नळ नाही. डॉलीच्या जन्माच्या वेळी जे मिशनरी डॉक्टर आले, डॉ. रॉबर्ट थॉमस, त्यांची फी म्हणून वडिलांनी मक्याच्या पिठाची एक गोणी दिली. ही गोष्ट डॉलीनं इतक्यांदा सांगितलीये की तिच्या चाहत्यांना ती पाठ आहे. त्या डॉक्टरांवर तिनं पुढे गाणंही लिहिलं.

१९६४ मध्ये शाळा संपली आणि दुसऱ्याच दिवशी ती बसनं नॅशव्हिलला गेली. हा दुसरा दिवस मला फार महत्त्वाचा वाटतो. गावावर एवढं प्रेम असलेली मुलगी शाळेचा कागद हातात पडल्यावर गावात आठवडाभरसुद्धा थांबली नाही.

चारच वर्षांनी, १९६८ मध्ये, तिचं ‘इन द गुड ओल्ड डेज’ आलं. त्याच वर्षी मर्ल हॅगार्डनंही ते आपल्या ‘मामा ट्राइड’ या तबकडीवर घेतलं. हॅगार्डचं लहानपण कॅलिफोर्नियात, बेकर्सफील्डजवळ, रेल्वेच्या एका जुन्या मालडब्यात गेलं. ओक्लाहोमातून आलेल्या त्याच्या वडिलांनी तो डबाच घर म्हणून उभा केला होता. त्याला हे गाणं का भावलं असेल ते वेगळं सांगायला नको.

या गाण्यात काय आहे? सूर्य उगवायच्या आधी उठून कामाला लागणं आणि मावळेपर्यंत शेतात राबणं. डोळ्यांसमोर गारपिटीनं पीक झोपतंय आणि घरातली सगळी नुसती उभी राहून रडताहेत. उपाशी झोपलेल्या रात्री. फुटून रक्त आलेले वडिलांचे हात. आजारी आई, आणि डॉक्टर परवडत नाही. भिंतींच्या फटींतून वाऱ्याबरोबर आत आलेला बर्फ. हे सगळं ती एखाद्या साक्षीदारासारखं सांगते, पाहिलं ते सांगतेय, बस. ‘गारपीट’ हा शब्द ऐकला की आपल्याकडच्या द्राक्षवाल्याला किंवा कांदावाल्याला पुढचं काही समजावून सांगावं लागत नाही. आणि यातला एक बारीक तपशील मला सगळ्यात जास्त लागतो. वयात आल्यावर एखादा मित्र घरी बोलवावा म्हटलं तर त्याला बसवायला धड जागा नव्हती. उपासमार आणि गारपीट यांच्या रांगेत ही एवढीशी लाज तिनं मुद्दाम ठेवलीये. गरिबीचं गाणं लिहिणाऱ्या पुष्कळांना हे सुचणार नाही. सुचेल ते त्या घरात सोळा वर्षांची मुलगी म्हणून राहिलेल्या बाईला.

गाण्याचं ध्रुवपद दोन पैशांच्या हिशेबावर उभं आहे. त्या दिवसांच्या आठवणी विकायला मला कितीही पैसे दिले तरी मी विकणार नाही. आणि ते दिवस परत जगायला कितीही पैसे दिले तरी मी जगणार नाही. दोन्ही वाक्यांत तेवढाच पैसा, आणि दोन्हीकडे नकार.

आता तो कंस. ‘गुड ओल्ड डेज’ हा इंग्रजीतला घासून गुळगुळीत झालेला शब्दप्रयोग आहे, आपल्या ‘आमच्या वेळी’सारखा. तो उच्चारला की समोरच्यानं मान डोलवायची असा संकेत. डॉली तो उच्चारते आणि लगेच कंसात सांगते की तेव्हा दिवस वाईट होते. म्हणजे ‘ते चांगले दिवस, जेव्हा परिस्थिती वाईट होती’. विनोद म्हणून हसूही येतं, पण तिनं एकही शब्द मागे घेतलेला नाही. दिवस चांगले होते. परिस्थिती वाईट होती. ‘पण’ हा शब्द मध्ये कुठेच नाही. मी मराठीत हे शीर्षक करायला बसले तेव्हा हात आपोआप ‘पण’कडे जात होता, आणि ‘पण’ घातला की शीर्षक मरतं. मग कळलं की सगळी करामत तिथेच आहे.

‘माय टेनेसी माउंटन होम’ यानंतरचं. डॉली तेव्हा सव्वीस-सत्तावीस वर्षांची, पोर्टर वॅगनर यांच्या टीव्ही कार्यक्रमातली गायिका, नाव झालेलं. गाणं संथ आहे. उन्हाळ्यातली दुपार, ओसरी, मागचे दोन पाय जमिनीवर ठेवून भिंतीला रेललेली खुर्ची. मुलं एका चमकत्या भुंग्याच्या पायाला दोरा बांधून त्याला उडवताहेत. आपल्याकडे चतुराच्या शेपटीला बांधायचे ना, तेच. कुंपणावर हनीसकलची वेल चढलेली, तिचा वास. रविवारी चर्चमधून आवडत्या माणसाबरोबर चालत घरी येणं, पुढचे बेत रंगवणं, आणि घरच्यांची नजर नसताना ओसरीवरच्या झोपाळ्यावर हातात हात. संध्याकाळी शेतात रातकिडे.

हे गाणं मी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा ‘गोड आहे’ म्हणून सोडून दिलं होतं. दुसरं गाणं ऐकल्यावर परत आले आणि मग दिसलं: या गाण्यात कुणीही काम करत नाहीये. एकही माणूस नाही. पाणी भरत नाही, लाकूड फोडत नाही, तंबाखू खुडत नाही. बारा मुलांच्या घरात, वीज आणि नळ नसलेल्या घरात, एकाही भांड्याचा आवाज नाही. आणि तो मित्र! एका गाण्यात त्याला बसवायला जागा नाही म्हणून जीव मेटाकुटीला आलेला, दुसऱ्यात त्याच्याबरोबर झोपाळ्यावर निवांत बसलेली. मुलगी तीच, डोंगर तोच.

मग एक खोटं आणि एक खरं म्हणायचं का? मला तसं वाटत नाही. बघा, रविवारची दुपार असतेच की. सहा दिवस राबणाऱ्या घरातही एक दुपार अशी येते की बाप खुर्ची भिंतीला टेकवून बसतो आणि मुलांना कुणी हाक मारत नाही. आठवड्यातल्या शंभर तासांतले ते दोन तास. आठवणीत मात्र त्यांना शंभर तासांची जागा मिळते. ‘माउंटन होम’ हे त्या दोन तासांचं गाणं आहे आणि ‘गुड ओल्ड डेज’ उरलेल्या अठ्ठ्याण्णवांचं.

भाषाही त्यासारखीच वेगळी वापरलीये. कष्टाच्या गाण्यात ‘मी’ आहे, ‘आम्ही’ आहे, आई-वडील आहेत. निवांत गाण्याच्या कडव्यांत बराच वेळ कर्ताच नाही. ओसरीवर बसणं, मुलांकडे बघणं, चालत येणं. कोण बसलंय, कोण बघतंय, कधी बघतंय, काहीच सांगितलेलं नाही. त्यामुळे डेट्रॉइटमधला कामगार त्या खुर्चीत स्वतः जाऊन बसू शकतो. पुण्या-मुंबईत ऐकणारे आपणही बसू शकतो, टेनेसी नकाशात कुठे आहे हे माहीत नसतानाही. उलट त्या रक्ताळलेल्या हातांच्या जागी स्वतःचे हात ठेवता येत नाहीत, ते एका ठरावीक माणसाचे आहेत. गोड गाणं सगळ्यांचं होतं ते यामुळे. आणि यातच धोकाही आहे. कर्ता गाळला की काम करणाराही गळून पडतो. गावाकडच्या सुट्टीच्या गप्पा निघाल्या की आमच्या घरात विहिरीवर पोहण्याच्या गोष्टी मामा लोक सांगतात. त्याच विहिरीच्या गोष्टी मामींकडे आहेत, त्या वेगळ्या आहेत, आणि त्यांना कुणी विचारत नाही.

डॉलीनं काय केलं ते आता ऐका, भागाचा गाभा हाच आहे.

१९७३ मध्ये ‘माय टेनेसी माउंटन होम’ याच नावाची तबकडी आली. अकरा गाणी, सगळी तिनं लिहिलेली, सगळी घराबद्दल. वेष्टनावर लोकस्ट रिजच्या घराचा फोटो. सुरुवातीला गाणं नाहीच. नॅशव्हिलला पोहोचल्यावर तिनं आई-वडिलांना लिहिलेलं पहिलं पत्र ती वाचून दाखवते. मग जुन्या काळ्या किटलीवर गाणं, बापाच्या कामाच्या बुटांवर गाणं, त्या डॉक्टरांवर गाणं. या बाजूचं शेवटचं, सहावं गाणं म्हणजे ‘इन द गुड ओल्ड डेज’. पाच वर्षांपूर्वीचं हे गाणं तिनं या तबकडीसाठी परत गायलं. तिथे पहिली बाजू संपते. उठायचं, सुई उचलायची, तबकडी उलटायची, आणि दुसऱ्या बाजूचं पहिलं गाणं ‘माय टेनेसी माउंटन होम’.

म्हणजे ओसरीवरच्या खुर्चीत बसायच्या आधी ऐकणाऱ्याला बर्फ आत येणाऱ्या भिंतीपाशी उभं राहावं लागतं. गारपीट आधी, रातकिडे नंतर. क्रम उलटा असता तर कष्टाचं गाणं हे गोड गाण्यावरची टीका ठरली असती: बघा, खरं हे होतं, मघाचं विसरा. या क्रमात तसं होत नाही. सगळं माहीत असलेली बाई पुढे येऊन म्हणते, आणि तरी ती दुपारही होती. तिला कुणी भोळी म्हणू शकत नाही, कारण हिशेब तिनं आधीच मांडलाय.

आता ऑनलाइन ऐकताना तबकडी उलटणं नाही, सहाव्यानंतर सातवं आपोआप सुरू होतं. ती मधली शांतता गेली याचं मला थोडं वाईट वाटतं. त्याहून वाईट असं की बहुतेक ठिकाणी सातवं गाणं एकटंच ऐकायला मिळतं. निवडक गाण्यांच्या संग्रहात, जाहिरातीत, समारंभात. सुटं काढलं की ते त्या जुन्या झोपडीच्या गाण्याच्या शेजारी जाऊन बसतं, कुणीही कुणाच्याही तोंडी घालावं असं. खरं तर एकट्यानं ते फार मोठं चाललंही नव्हतं. कंट्रीच्या यादीत तेव्हा पहिल्या दहातसुद्धा पोहोचलं नाही. त्याचा मान नंतर वाढत गेला.

तो मान वाढवण्यात डॉलीचा स्वतःचा मोठा हात आहे, आणि इथे मला तिच्याशी थोडं भांडायचंय. १९८६ मध्ये सेव्हियर परगण्यातल्याच पिजन फोर्ज गावात ‘डॉलीवूड’ हे मनोरंजन उद्यान तिच्या नावानं सुरू झालं. पाळणे, आगगाडी, नाटकं, खाणं. आणि त्यात तिच्या बालपणीच्या घराची प्रतिकृती. तिच्या भावानं बांधली, आतली मांडणी आईनं केली. लोक रांगेनं आत डोकावतात: इवलीशी खोली, भिंतीला चिकटवलेली वर्तमानपत्रं, एवढ्यात एवढी माणसं राहायची! हळहळतात आणि पुढच्या पाळण्याकडे जातात. प्रतिकृतीत थंडी दाखवता येत नाही. भूक दाखवता येत नाही. घर जपलंय, पण ते सातव्या गाण्यातलं घर आहे.

एवढं म्हटल्यावर दुसरी बाजूही सांगायला हवी, नाहीतर मीच एका बाजूची तबकडी वाजवली असं होईल. ते उद्यान त्या परगण्यात हजारो लोकांना काम देतं. तिच्या पिढीला ज्यासाठी डोंगर सोडावे लागले ते, म्हणजे रोजगार, तिनं डोंगरात आणून ठेवला. १९९५ मध्ये तिनं आधी फक्त आपल्या परगण्यातल्या मुलांसाठी ‘इमॅजिनेशन लायब्ररी’ सुरू केली. मूल जन्मल्यापासून पाच वर्षांचं होईपर्यंत दर महिन्याला एक पुस्तक टपालानं घरी, फुकट. आज ती योजना अमेरिकेबाहेर कॅनडा, ब्रिटन, आयर्लंड, ऑस्ट्रेलियातही चालते आणि वाटलेल्या पुस्तकांचा आकडा वीस कोटींच्या पुढे गेलाय. हे का केलं, तर वडिलांना वाचता येत नव्हतं म्हणून, असं ती नेहमी सांगते. वडील २००० मध्ये गेले, योजना वाढताना त्यांनी पाहिली. २०१६ च्या नोव्हेंबरमध्ये गॅटलिनबर्गच्या वणव्यात शेकडो घरं जळाली, तेव्हा तिच्या संस्थेनं घर गमावलेल्या कुटुंबांना सहा महिने दरमहा हजार डॉलर दिले.

म्हणजे सातवं गाणं तिनं विकलं, आणि सहाव्या गाण्यात जे जे कमी होतं त्याच्यावर खर्च केला. असं मला दिसतं. लोकस्ट रिजचं जुनं घरही तिनं पुढे विकत घेतलं आणि भावाकडून नीट करून घेतलं. तिथे ती अधूनमधून जाते. राहायला गेलेली नाही. ‘परत जगायला कितीही पैसे दिले तरी नाही’ हे तिनं बाविसाव्या वर्षी लिहिलं होतं, आणि शब्द पाळलाय.

गेल्या भागावर आलेल्या प्रतिक्रियांत काहींनी विचारलं होतं की, ज्यांना गाव असं नव्हतंच त्यांनी ही गाणी का ऐकावीत. माझं उत्तर थोडं उलटं आहे. गाव असलेल्यांना सातवं गाणं मोहात पाडतं, कारण त्यांच्याकडे त्यात भरायला स्वतःची ओसरी असते. गाव नसलेला माणूस सहावं जास्त नीट ऐकू शकेल, कारण ते ऐकायला आठवण लागत नाही, कान लागतात.

ऐकायचंच असेल तर माझं ऐका, सुटी गाणी लावू नका. १९७३ ची तबकडी पहिल्यापासून लावा. पत्र ऐका, तिचा तेव्हाचा गावंढळ हेल आणि त्यातला संकोच ऐका. बूट, किटली, डॉक्टर होऊ देत. सहावं संपलं की थांबवा. उठा, पाणी प्या, काय ते करा. मग सातवं लावा. शेवटचं, अकरावं गाणं नॅशव्हिलमधल्या तिच्या सुरुवातीच्या दिवसांचं आहे, गाणी घेऊन कंपन्यांची दारं ठोठावण्याचं. घराबद्दलच्या तबकडीचा शेवट तिनं घरापासून दूर केलाय, त्यावर मी आज काही बोलत नाही. ऐकून तुम्हाला काय वाटतं ते कळवा.

पुढच्या भागात केंटकीच्या कोळसा पट्ट्यात जाऊ. लोरेटा लिन, खाण कामगाराची मुलगी. तिचं बालपण डॉलीपेक्षा खडतर आणि जीभ जास्त तिखट. भेटू.